पीजी की तिघींचा फ्लॅट? नाशकात पहिल्यांदा एकटी राहायला येणारीसाठी

नाशकात नोकरी लागली की आई पगाराआधी विचारते, "राहणार कुठे?" मी दोन्ही करून पाहिलंय: आठ महिने कॉलेज रोडला पीजी (पेइंग गेस्ट म्हणून), नंतर सिडकोत तिघींचा फ्लॅट.

पीजीत बॅग टेकवली की संसार सुरू. पहिल्याच रात्री खोलीतल्या अनोळखी मुलीने "जेवलीस का?" विचारलं आणि मला रडू आलं. ही सोबत भाड्यातच मिळते. पण माझ्या पीजीचं गेट रात्री साडेनऊला बंद व्हायचं, आणि उशीर झाला की मालकीणबाई थेट घरी फोन लावायच्या. आठवड्यातून चार दिवस बटाटा, तो वेगळाच. सोडताना डिपॉझिटमधून रंगकामाचे पैसे कापले. भिंत आधीपासूनच पोपडे आलेली होती! म्हणून पहिल्या दिवशीच खोलीचे फोटो काढून ठेव.

फ्लॅटमध्ये किल्ली तुझ्या हातात. अंबडच्या कारखान्यांत रात्री उशिरा सुटणारी दुसरी पाळी असेल तर याला पर्याय नाही. सिडको तिथून जवळ. मात्र घरमालकाच्या चौकशा सोसाव्या लागतात: लग्न कधी, मित्र येतात का, नॉनव्हेज करता का. करार बहुधा ११ महिन्यांचा असतो. "नोंदणीचा खर्च कशाला?" असं मालक म्हणाले तर ऐकू नकोस. १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्याने लेखी करार नोंदवण्याची जबाबदारी त्यांच्यावरच टाकली आहे. शिवाय गॅस, लाइटबिल, भांडी कोण घासणार याची भांडणं. आम्ही कचऱ्यावरून तीन दिवस अबोला धरला होता.

एक गोष्ट मला कुणी सांगितली नव्हती. फ्लॅटमध्ये रविवारची दुपार फार लांब असते. दोघी गावी गेल्या की घर खायला उठतं. शेवटी सावानाची, म्हणजे सार्वजनिक वाचनालय नाशिकची, सभासद झाले (१८४० सालचं वाचनालय, पण तिथे माझ्या वयाच्याही मुली भेटल्या). आणि २०२३ पासून एसटीत बायकांना अर्धं तिकीट असल्याने मीही महिन्यातून दोनदा घरी जाऊ लागले.

सातपूरला दिवसाची नोकरी असेल तर निदान सहा महिने पीजीच घे. मैत्रिणी जमल्या की त्यांच्यातल्याच दोघींना घेऊन फ्लॅट बघ. अनोळखी मुलींसोबत करारावर सही करू नकोस.

खोली बघायला संध्याकाळी सातनंतर जा. मुली कामावरून आलेल्या असतात. पाणी किती वाजता जातं आणि गेट खरंच किती वाजता लागतं, हे त्यांनाच विचार.