जमैकन ऑक्सटेल कशात शिजवावं: जाड पातेलं, ओव्हन, कुकर की स्लो कुकर?

लंडनच्या ब्रिक्स्टनमध्ये किंवा ब्रुकलिनच्या फ्लॅटबुशमध्ये जमैकन ठेल्यावरचं ऑक्सटेल, म्हणजे गाय-बैलाच्या शेपटीचे रश्श्यात शिजवलेले तुकडे, एकदा खाल्लं, की घरी करून बघायची खुमखुमी येतेच. मसाल्याची अडचण फारशी नाही. थाइम (ओव्यासारख्या वासाची पानं), पातीचा कांदा, ऑलस्पाइसचे दाणे (मिरीसारखा दिसणारा कॅरिबियन मसाला), स्कॉच बॉनेट ही जहाल मिरची, बटर बीन्स या मोठ्या पांढऱ्या शेंगदाण्यांचा नव्हे तर वालासारख्या कडधान्याचा डबा हे सगळं अशा कॅरिबियन वस्तीतल्या दुकानात एका फेरीत मिळतं. घोडं अडतं ते भांड्यापाशी. चार तास गॅसपाशी थांबायचं, की कुकर लावून मोकळं व्हायचं?

महाराष्ट्रात गाईच्या हत्येला आधीपासूनच आणि २०१५ पासून बैल आणि वळू यांच्याही हत्येला बंदी आहे, त्यामुळे हा सगळा खटाटोप मुख्यतः बाहेर राहणाऱ्यांसाठी. बीफ खात नसाल तर याच मसाल्यात मेंढीच्या मानेचे तुकडे छान होतात. मात्र वेळ जवळपास निम्मा धरा.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. मांस मऊ होण्यापुरतं बघितलं, तर चारही भांडी पास. शेपटीचा स्नायू सतत हलता, सांध्यांभोवती चिकट ऊती भरपूर. ओल्या उष्णतेत पुरेसा वेळ मिळाला की त्यांचं जिलेटिन होतं आणि मांस हाडापासून सुटतं. फरक पडतो तो रश्श्यात. हा रस्सा अंगाबरोबरच हवा, काळपट, चकचकीत, ओठांना किंचित चिकटणारा. मी चारही भांडी या एकाच कसोटीवर लावतो.

जाड बुडाचं पातेलं पहिलं. जमैकात घरोघरी ओतीव ॲल्युमिनियमचं जाड भांडं असतं, त्याला लाडानं ‘डची’ म्हणतात. त्याच्या जागी ओतीव लोखंडाचं झाकणाचं भांडं चालतं. मांस परतल्यावर बुडाशी जे लागतं ते पाण्यात सुटतं, झाकण किंचित कलतं ठेवलं की वाफ जाते, रस्सा आपोआप आटत येतो. बारीक गॅसवर साडेतीन ते चार तास. शेपटीच्या टोकाकडचे लहान तुकडे आधी शिजतात, बुडख्याकडचे जाड मागे राहतात. अशा वेळी लहान काढून ठेवता येतात. मीठ, तिखट, दाटपणा सगळं चाखत जाता येतं. तोटा सरळ आहे: दर वीस-पंचवीस मिनिटांनी उठून बघावं लागतं. साखर आणि जिलेटिन दोन्ही असलेला रस्सा शेवटच्या तासात बघता बघता तळाला लागतो. आणि ऑक्सटेल आता स्वस्त राहिलेलं नाही. एका जनावराला शेपटी एकच, त्यातही निम्मं हाड. एकेकाळी गोरगरिबांच्या वाट्याला येणारा हा तुकडा आज खाटकाकडे चांगलाच भाव खातो. करपवणं परवडत नाही.

तेच भांडं ओव्हनमध्ये ठेवलं तर ही धास्ती जाते. १५० अंशांवर साधारण साडेतीन तास. उष्णता सगळीकडून येते म्हणून बूड धरत नाही. रश्श्याबाहेर डोकावणाऱ्या कडांना सुंदर रंग येतो. घरी पाहुणे असतील आणि दुसरी कामं असतील तर मी हेच निवडेन. फक्त वीजबिल बघा, आणि झाकणाची मूठ प्लॅस्टिकची नाही ना, तेही.

आता कुकर. मराठी माणूस सामान बांधून परदेशी निघाला की त्यात कुकर असतोच, तेव्हा खरी चुरस याच्याशीच आहे. आणि कुकर म्हणजे फसवणूक असं कोणी म्हणालं तर मनावर घेऊ नका, जमैकन घरांतही ऑक्सटेलला सर्रास कुकर लावतात. आपल्या शिट्टीच्या कुकरात आतलं तापमान १२० अंशांच्या आसपास जातं, म्हणून चार तासांचं काम चाळीस-पंचेचाळीस मिनिटांत होतं. शिट्ट्या मोजू नका. पहिली शिट्टी झाली की गॅस बारीक करून घड्याळ लावा. विजेवरच्या कुकरांत दाब सहसा थोडा कमी असतो, तिथे दहा मिनिटं जास्त धरा. वाफ आपोआप जिरू द्या. घाईनं सोडली तर मांस तंतुमय होतं.

कुकरची खोट अशी की बंद भांड्यात काही आटत नाही. झाकण उघडलं की मांस लोण्यासारखं आणि रस्सा पाणचट, वर चरबीचा बोटभर थर. आणखी एक धोका स्कॉच बॉनेटचा. ही मिरची जमैकन घरांत अख्खी, देठासकट रश्श्यावर तरंगत ठेवतात. वास उतरतो आणि तिखट हाताबाहेर जात नाही. कुकरच्या दाबाखाली ती फुटते. मग ते तिखट कोल्हापूरकरालाही घाम फोडेल. म्हणून मिरची, गाजर आणि बटर बीन्स कुकरनंतरच.

स्लो कुकरबद्दल थोडक्यात. सकाळी लावून कामावर जाता येतं, ‘लो’वर आठ तास, करपायची भीती नाही. पण वाफ जवळजवळ सगळी आतच पडते, त्यामुळे रस्सा कुकरपेक्षाही मिळमिळीत निघतो आणि थाइमचा वास मंदावतो. घरात आधीपासून असेल तर वापरा. या पदार्थासाठी विकत मात्र घेऊ नका.

कुठलंही भांडं घेतलं तरी एक पायरी टाळता येत नाही, आणि निम्मा रंग तिथेच ठरतो. बाजारात ब्राउनिंग नावाची जळक्या साखरेची बाटली मिळते; जमैकात ती मांस मुरवतानाच घालतात. एक-दोन चमचे पुरतात, जास्त झाली तर कडवट लागते. घरी करायचं तर त्रिनिदादच्या पद्धतीनं जा. चमचाभर तेलात दोन मोठे चमचे ब्राउन साखर टाका आणि हलवू नका. आधी ती विरघळते, मग कडेनं बुडबुडे येतात, मग सगळी फसफसून वर येते. रंग चहाच्या पुढे, कोकमाच्या आगळाकडे झुकला आणि गोड वासात किंचित कडू झाक आली, की त्या क्षणी मुरवलेलं, पण कोरडं पुसलेलं मांस त्यात सोडायचं. ओलं असेल तर तेल कोपरापर्यंत उडतं. तुकडे सगळीकडून माखून परतले की मगच कांदा, लसूण, आलं, थाइम, आठ-दहा ऑलस्पाइसचे दाणे आणि तुकडे जेमतेम बुडतील इतकं पाणी. कुकरात त्याहून कमी, तुकड्यांच्या निम्म्यापर्यंत.

माझा कौल: आठवड्यातल्या दिवशी कुकर आणि पातेलं अशी जोडगोळी. दीड किलो ऑक्सटेल चौघांना पुरतं. आदल्या रात्री कुकरमध्ये शिजवून फ्रिजमध्ये ठेवा. सकाळी चरबीची घट्ट चकती अलगद उचलता येते आणि खालचा रस्सा जेलीसारखा थरथरतो. संध्याकाळी तो पसरट पातेल्यात झाकण न ठेवता अर्धा तास उकळायचा. त्यातच गाजर आणि अख्खी मिरची, शेवटच्या पंधरा मिनिटांत बटर बीन्स आणि स्पिनर्स. स्पिनर्स म्हणजे मैदा, मीठ, पाण्याच्या घट्ट गोळ्याचे तळहातावर वळलेले करंगळीएवढे लांबट तुकडे. त्यांचा मैदा रश्श्याला आणखी दाटपणा देतो. कॉर्नफ्लोअर लावायची गरज पडत नाही.

रविवार मोकळा असेल तर मात्र कुकरला सुट्टी द्या. पातेल्यातल्या रश्श्याची खोली कुकर-पातेल्याच्या जोडीला नव्वद टक्के गाठता येते, उरलेले दहा टक्के नाहीत. सोबतीला राजमा आणि नारळाच्या दुधातला भात, जमैकन राइस अँड पीज. तो मात्र खुशाल कुकरमध्ये लावा.