‘सुधारित’ कास्टिंग मटेरियलच्या नावाखाली साधं प्लास्टर

जिप्समची पावडर आणि पाण्यातलं अॅक्रिलिक रेझीन, असं दोन भागांचं कास्टिंग मटेरियल, म्हणजे साच्यात ओतून वस्तू घडवायचं मिश्रण, हेच मूळचं जेस्मोनाइट. 1984 मध्ये ब्रिटनमध्ये पीटर हॉकिन्स यांनी ते तयार केलं. ‘त्याचीच सुधारित आवृत्ती’ म्हणून आम्हाला जे विकलं गेलं, ते होतं साधं पीओपी आणि पाणी घालून वाढवलेला सुतारकामाचा पांढरा गोंद. विक्रेत्याने दाखवलेला नमुना मात्र अस्सल मालाचा होता.

साच्यातून निघालेला नग सुरुवातीला छानच दिसतो. कडा तीक्ष्ण, रंग एकसारखा. ओल्या जागी ठेवला की पृष्ठभाग नखाने खरवडता येतो, हाताला भुकटी लागते. तोवर पैसे चुकते झालेले असतात.

खरं तर मिश्रण करतानाच लबाडी उघडी पडते. नेहमीचं प्रमाण वजनाने अडीचास एक, म्हणजे 1 किलो पावडरला 400 ग्रॅम द्रव. अस्सल मालातलं कडक अल्फा जिप्सम, म्हणजे कमी पाण्यात भिजणारी जिप्समची पावडर, या प्रमाणात ओतण्याजोगं होतं. पीओपीला 100 ग्रॅममागे 60 ते 70 ग्रॅम पाणी लागतं, त्यामुळे त्याचा घट्ट गोळा होतो. मग विक्रेता सांगतो, ‘थोडं पाणी वाढवा, नव्या फॉर्म्युल्यात चालतं.’ तिथेच हात आवरा. 100 ग्रॅम पावडर घट्ट होताना जेमतेम 18.6 ग्रॅम पाणी बांधून घेते; उरलेलं वाळताना छिद्रं सोडून जातं आणि नग तिथेच कमजोर होतो.

द्रवाची परीक्षा सोपी आहे. काचेवर पातळ थर द्या, 24 तास वाळवा, मग रात्रभर पाण्यात ठेवा. साध्या गोंदाचा थर पांढरा, बुळबुळीत होऊन बोटाने निघतो. अॅक्रिलिकचा थोडा धुरकट होईल, पण सालीसारखा अखंड राहतो. शिवाय 10 ग्रॅम द्रव 105 अंशांवर वजन स्थिर होईपर्यंत वाळवा आणि उरलेलं वजन माहितीपत्रकातल्या घनांशाच्या टक्केवारीशी ताडून पाहा. पावडरवर व्हिनेगर टाकल्यावर बुडबुडे आले तर तीत खडू किंवा संगमरवराची भुकटी आहे. भर म्हणून ती चालते, पण विकणाऱ्याने तसं सांगितलेलं असलं पाहिजे.

उपयोगांच्या यादीतही थापा होत्या: कुंड्या, कारंजी, जेवणाची भांडी. अस्सल मालालाही हे सगळं झेपत नाही. जिप्सम लिटरभर पाण्यात सुमारे 2 ग्रॅम विरघळतं, म्हणून सतत वाहत्या पाण्यात ते झिजतंच. कुंडीला आतून सीलर, म्हणजे पाणी रोखणारा लेप, हवा. अन्नासाठी चालतं असा दावा असेल, तर सीलर लावलेल्या नगाचाच चाचणी अहवाल मागा. भित्तिफलक, शिल्पं, नक्षीच्या पट्ट्या हे याचं खरं काम. पातळ, मोठ्या नगांत काचतंतूंचं कापड घालावं.

बॅच क्रमांक आणि उत्पादन तारीख नसलेला कॅन घेऊ नका. प्रत्येक बॅचची थोडी पावडर आणि द्रव हवाबंद बाटल्यांत, बिलासोबत जपून ठेवा. तक्रार करताना तपासणीसाठी तेच लागतं.