डीएक्सव्हीके: जुन्या पीसीसाठी लय कामाची गोष्ट

आमचा पीसी २०१३ चा. थर्ड जनरेशन आय-फाइव्ह, ८ जीबी रॅम, जीटीएक्स ६५० ग्राफिक्स कार्ड. सांगलीत गावभागात राहतो आम्ही, २०१९ च्या पुरात पाणी दारात यायच्या आधी मी पहिल्यांदा हाच उचलून माळ्यावर ठेवला होता, त्यामुळे जीव आहे त्याच्यावर. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला, ११ ह्या प्रोसेसरवर अधिकृतपणे चालत नाही, आणि दुकानात विचारलं तर सरळ "भंगारात घाला" म्हणाले. मी विंडोज काढून लिनक्स मिंट ही फुकटची ऑपरेटिंग सिस्टीम टाकली. बाकी सगळं जमलं, पण भाचा सुट्टीला आला की "मामा, गेम चालत्यात का?" हा पहिला प्रश्न असतो, तर हा रिव्ह्यू त्याच्यासाठी केलेल्या खटपटीचा आहे, आणि डीएक्सव्हीके म्हणजे विंडोजचे गेम लिनक्सवर चालवायला मदत करणारं सॉफ्टवेअर.

डीएक्सव्हीके करतं काय? मिरजेच्या दवाखान्यात कर्नाटकातनं पेशंट येतात, त्यांचं कन्नड आणि डॉक्टरांचं मराठी ह्यांच्या मधे एखादी सिस्टर उभी राहते ना, तसंच. विंडोजचा गेम डायरेक्टथ्रीडीत (कार्डाला चित्र काढायला सांगायची विंडोजची भाषा) बोलतो, ते लिनक्सला कळत नाही, डीएक्सव्हीके तेच बोलणं व्हल्कनमधे (लिनक्सवर चालणारी तशीच भाषा) करून ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरला सांगतं. शेडरसुद्धा (रंग-उजेड ठरवणारे, कार्डावर चालणारे छोटे प्रोग्रॅम) बदलून देतं, डायरेक्टथ्रीडीच्या बाइटकोडचं व्हल्कनला कळणारं स्पिर-व्ही करतं, आणि हे सगळं गेम चालू असताना. वाइनमधे (विंडोजचे प्रोग्रॅम लिनक्सवर चालवणारं सॉफ्टवेअर) ह्याच कामाचं वाइनडीथ्रीडी आधीपासून आहेच, ते ओपनजीएल ह्या जुन्या ग्राफिक्स भाषेतनं जातं, माझ्याकडं त्याच्यावर गेम चालायचा पण गाडी वळवली की चित्र मागनं यायचं. डीएक्सव्हीकेवर तोच गेम, तेच कार्ड, आणि फरक डोळ्याला दिसतो, आकडे बघायची गरज पण पडली नाही (बघायचेच असतील तर एफपीएस (सेकंदाला किती चित्रं) कोपऱ्यात दाखवायची सोय त्यात आहे).

आता जिथं माझी दोन रात्री गेल्या ते. नवीनातलं नवीन व्हर्जन घेतलं आणि गेम उघडेना. कारण २.० पासून, म्हणजे नोव्हेंबर २०२२ पासून, डीएक्सव्हीकेला व्हल्कन १.३ लागतं, आणि जीटीएक्स ६५० एनव्हीडियाच्या जुन्या केप्लर पिढीचं, त्याचा शेवटचा ४७० सिरीजचा ड्रायव्हर व्हल्कन १.२ वरच थांबलाय. अशा कार्डाला १.१०.३ व्हर्जन घालायचं. लुट्रिसमधे (लिनक्सवर गेम बसवायचं, चालवायचं ॲप) डीएक्सव्हीकेचं व्हर्जन निवडता येतं, तिथं १.१०.३ टाकलं आणि गेम सुरू. कार्ड कुठल्या पिढीचं आहे ते आधी बघा मंडळी, मग डाउनलोड करा.

१.१० वर एक गोष्ट सोसावी लागते, नवीन जागेत पहिल्यांदा गेलं की क्षणभर अडकतं, कारण शेडर तिथल्या तिथं कंपाइल होतात, म्हणजे कार्डासाठी तयार होतात. तीच जागा दुसऱ्यांदा आली की गुळगुळीत. २.० मधे ह्याच्यावर चांगला इलाज केलाय, ड्रायव्हरची साथ असेल तर शेडर गेम लोड होतानाच तयार होतात. मित्राच्या पीसीत एएमडीचं आरएक्स ५७० कार्ड आहे, त्याच्यावर तोच गेम नवीन व्हर्जनवर लावून बघितला आणि अडकणं जवळपास गेलंच.

डायरेक्टथ्रीडी ८ ते ११ एवढं डीएक्सव्हीके सांभाळतं. १२ साठी व्हीकेडीथ्रीडी-प्रोटॉन वेगळं आहे, आमच्या कार्डाला तो विषयच नको. मॅकवाल्यांसाठी मोल्टनव्हीके, ते व्हल्कनचं मेटलमधे (ॲपलची ग्राफिक्स भाषा) करतं, मी वापरलेलं नाही. आणि भाच्याला व्हॅलोरंट हा गेम पाहिजे होता, तो लिनक्सवर चालत नाही, पण त्यात डीएक्सव्हीकेचा दोष नाही, त्याचं अँटी-चीट (फसवेगिरी पकडणारं सॉफ्टवेअर) विंडोजच्या कर्नलमधे, म्हणजे अगदी गाभ्यात बसतं.

हे सगळं फुकट आहे, सोर्स कोडसकट. फिलिप रेबोले नावाच्या माणसानं नियर ऑटोमाटा हा गेम लिनक्सवर खेळता यावा म्हणून हे सुरू केलं, २०१८ च्या ऑगस्टमधे स्टीमवाल्या व्हॉल्व कंपनीनं प्रोटॉन (लिनक्सवर विंडोजचे गेम चालवायचं सॉफ्टवेअर) काढलं त्यात हेच घेतलं. एका माणसाला एक गेम खेळायचा होता आणि त्यामुळं आज गावभागातल्या १२ वर्षं जुन्या डब्यावर पोरगं रेस लावतंय, मला ह्याचं खरंच लय अप्रूप वाटतं.

माझ्याकडनं पाचपैकी साडेचार. अर्धा कापला तो एवढ्यासाठी की कार्ड चालणार नाही हे साध्या भाषेत स्क्रीनवर येत नाही, लॉग उघडून शोधावं लागतं. दिवाळीला भाचा परत येणार आहे, तोपर्यंत सेकंडहँड आरएक्स ५७० बघतोय, फक्त त्याला ८ पिनची वायर लागते म्हणून एसएमपीएस (पीसीचा पॉवर सप्लाय) पण बदलायला लागणार.