आडवा पवित्रा की समोरचा? रायफल खांद्याला लावण्यापूर्वीचा निर्णय

उभ्याने रायफल चालवायला शिकणाऱ्याला पहिला निर्णय पायांचा घ्यावा लागतो. लक्ष्याकडे कूस करून जवळजवळ काटकोनात उभे राहायचे, की छाती लक्ष्याकडे ठेवून किंचित पुढे झुकायचे? दोन्ही पवित्र्यांचे कट्टर पुरस्कर्ते आहेत आणि दोघेही आपापल्या जागी बरोबर असतात, कारण ते बहुधा वेगवेगळ्या रायफलींबद्दल बोलत असतात. गोळी सुटताना रायफलचा मागे बसणारा धक्का किती आहे आणि एका पवित्र्यात किती वेळ स्थिर राहायचे आहे, या दोन प्रश्नांची उत्तरे आधी द्यावीत. पवित्रा त्यातूनच ठरतो.

10 मीटर एअर रायफल या स्पर्धाप्रकारात रायफलचे वजन 5.5 किलोपर्यंत असू शकते, पात्रता फेरीत 60 गोळ्या 1 तास 15 मिनिटांत मारायच्या असतात आणि दहा गुणांचा ठिपका अवघा अर्धा मिलिमीटर व्यासाचा असतो. एवढे वजन इतका वेळ स्नायूंच्या जोरावर पेलणे शक्य नाही. ते हाडांवरच टेकवावे लागते. म्हणून उजव्या हाताचा नेमबाज डावी कूस लक्ष्याकडे करतो, पाय साधारण खांद्यांइतके फाकवतो, डावे कोपर कमरेच्या हाडावर किंवा त्याच्या लगत बरगडीशी टेकवतो आणि पाठ थोडी मागे झुकवतो, जेणेकरून शरीर आणि रायफल यांचा एकत्रित भार दोन्ही पावलांच्या मधोमध पडतो. या आडव्या पवित्र्याची किंमत कंबर मोजते. स्पर्धेतले जाड, ताठ जॅकेट हे तिला आधार देण्यासाठीच असते, आणि उभ्याने नेम धरताना रायफलीला जोडलेल्या पट्ट्याचा आधार घेण्यास नियमांची परवानगी नसल्याने हा भार दुसरीकडे वळवताही येत नाही.

मोठ्या काडतुसाच्या रायफलीला मात्र हाच पवित्रा गैरसोयीचा ठरतो. आधीच मागे झुकलेल्या शरीराला धक्का आणखी मागे रेटतो, धड खांद्यापासून फिरते आणि दुसऱ्या गोळीसाठी सगळी जुळणी पुन्हा करावी लागते. समोरच्या पवित्र्यात डावा पाय अर्धे पाऊल पुढे, गुडघे सैल, भार चवड्यांवर आणि छाती कमरेच्या किंचित पुढे असते. त्यामुळे धक्का संपूर्ण शरीरात मुरतो आणि नळी लवकर लक्ष्यावर परतते. पण पुढचे कोपर आता अधांतरी असते. दंड थोड्याच वेळात थरथरू लागतो, आणि सावकाश, बारीक नेमासाठी हा पवित्रा मी तरी सुचवणार नाही.

दस्ता, म्हणजे रायफलीचा खांद्याला टेकणारा मागचा भाग, लावण्याची जागा पवित्र्यानुसार थोडी सरकते. गळपट्टीचे हाड आणि खांद्याचा सांधा यांच्या मधला मांसल खळगा ही मूळ जागा. आडव्या पवित्र्यात दस्ता तिथून थोडा दंडाकडे जातो, तर समोरच्या पवित्र्यात तो आत, छातीकडे येतो. दोन्हींत तो हाडावर येऊ देऊ नये. धक्का मोठा असेल तर दस्ता घट्ट ओढून धरावा, कारण सैल दस्ता खांद्याला ढकलत नाही, ठोसा मारतो. रायफल गालापर्यंत आणावी, गाल रायफलीकडे नेऊ नये; मान वाकली की डोळा भुवईखालून तिरका पाहू लागतो. दुर्बीण लावलेली असेल आणि मान पुढे ताणलेली असेल, तर धक्क्याने दुर्बिणीची कड भुवईवर आदळून जखम होऊ शकते.

स्प्रिंगवर चालणारी एअर रायफल या सगळ्याला अपवाद आहे. तिच्या जड पिस्टनमुळे छर्रा नळीतून बाहेर पडण्यापूर्वीच रायफल मागे-पुढे हलते आणि घट्ट धरल्यास ही हालचाल दर वेळी वेगळी होते. म्हणून ती तळहातावर नुसती टेकवावी, खांद्याला जेमतेम लावावी आणि तिला हलू द्यावे. धक्का जाणवतो म्हणून नवखे तिला आवळून धरतात आणि गोळ्या विखुरल्या की दोष दुर्बिणीला देतात.

निवड झाल्यावर ती तपासण्याची एक जुनी रीत आहे. रिकाम्या रायफलीने, नळी लक्ष्याच्याच दिशेला ठेवून आणि बोट ट्रिगरबाहेर ठेवून नेम धरावा, डोळे मिटावेत, दोन-तीन श्वास सोडावेत आणि डोळे उघडावेत. नेम बाजूला सरकलेला दिसला तर हातांनी ओढून आणू नये. आडव्या पवित्र्यात पावले अगदी थोडी फिरवून संपूर्ण शरीरच वळवावे. समोरच्या पवित्र्यातही हीच दुरुस्ती चालते, फक्त तिथे हातांची ताकद ही चूक काही काळ झाकून ठेवते, त्यामुळे ती उशिरा लक्षात येते.

उजव्या हाताने काम करणाऱ्या पण डाव्या डोळ्याचा जोर असलेल्या, म्हणजे दोन्ही डोळे उघडे असताना नकळत डाव्या डोळ्याने नेम धरणाऱ्या व्यक्तीने मात्र पवित्र्याआधी खांदा ठरवावा. नव्याने शिकत असल्यास रायफल सरळ डाव्या खांद्याला लावावी. हाताची सवय काही आठवड्यांत बदलते, डोळ्याचा जोर सहसा बदलत नाही. उजवा खांदाच कायम ठेवायचा असेल, तर डाव्या डोळ्यासमोर छोटी पट्टी लावावी, पण तो डोळा मिटू नये, कारण मिटलेल्या डोळ्याचा ताण उघड्या डोळ्यालाही जाणवतो.