फिफाचा ‘११ प्लस’ वॉर्म-अप: बचावफळीतल्या मुलींना तो पुरतो का?

फुटबॉलमधल्या दुखापती टाळण्यासाठीचा फिफाचा ‘११ प्लस’ हा वॉर्म-अप फुकट आहे. पुस्तिका फुकट, व्हिडिओ फुकट, आणि सामान म्हणाल तर मार्करच्या (मैदानावर खुणेला ठेवायच्या शंकूंच्या) सहा जोड्या नि दोघींमध्ये एक चेंडू. किंमत मोजावी लागते ती वेळात. आठवड्यातून दोनदा २० मिनिटं धरली तर ४० आठवड्यांच्या हंगामात जवळजवळ २७ तास जातात. ज्या संघाला मैदान कसंबसं दीड तास मिळतं, त्याच्या प्रशिक्षकाला हे तास पासिंग आणि सामन्याच्या सरावातूनच कापावे लागतात. म्हणून परीक्षण करायचं ते याचं की हे २७ तास वसूल होतात का, आणि तेही बचावपटूच्या बाजूने बघून.

निकाल आधीच सांगून टाकतो. घ्यावा, नक्की घ्यावा. पण छापलाय तसाच्या तसा घेतला तर सेंटर बॅकला (मधल्या बचावपटूला) आणि फुल बॅकला (कडेच्या बचावपटूला) तो अर्ध्या वाटेवर सोडतो.

बचावपटूचा प्रश्न वेगळा का, ते गुडघ्यात डोकावल्याशिवाय कळत नाही. एसीएल हे मांडीचं हाड आणि नडगी यांना सांध्याच्या आत बांधून ठेवणारं लिगामेंट. मुलींमध्ये ते फाटण्याचं प्रमाण मुलांच्या निदान दोन ते तीन पट आहे. लोकांना वाटतं टॅकलमध्ये कुणीतरी गुडघ्यावर आदळत असेल. प्रत्यक्षात बहुतेक वेळा गुडघ्याला कुणाचा थेट धक्काच लागलेला नसतो. व्यावसायिक सामन्यांचं चित्रीकरण तपासणाऱ्या अभ्यासांत एक प्रसंग पुन्हा पुन्हा दिसतो: चेंडू समोरचीकडे आहे, बचाव करणारी वेगात अंगावर जाते, ब्रेक मारते, तेवढ्यात समोरची हुलकावणी देते. पाय शरीराच्या बराच पुढे टेकलेला, गुडघा जवळजवळ सरळ, धड एका बाजूला कललेलं, आणि गुडघा आत जातो. पाय टेकल्यापासून साधारण ४० ते ५० मिलिसेकंदांत खेळ खलास. एवढ्या वेळात डोकं काही ठरवू शकत नाही. शरीराला जी सवय असेल तीच कामी येते. वॉर्म-अपमधून विकत घ्यायची ती ही सवय.

आर्सेनलच्या महिला संघाने २०२२-२३ च्या हंगामात एकापाठोपाठ चार एसीएल गमावले: नोव्हेंबरात बेथ मीड, डिसेंबरात व्हिवियान मिडेमा, एप्रिलमध्ये सेंटर बॅक लिआ विल्यमसन, मे महिन्यात राइट बॅक लॉरा विनरॉयथर. विल्यमसनचा त्या वर्षीचा विश्वचषक हुकला आणि ती मैदानावर परतली थेट पुढच्या जानेवारीत. फिजिओंचा ताफा असलेल्या क्लबात हे घडतं, तेव्हा कुठलाही वॉर्म-अप गॅरंटी कार्ड नाही हे धरूनच चालावं. उलट बाजूला मणिपूरची आशालता देवी. या बचावपटूने २०२४ च्या सॅफ (दक्षिण आशियाई) स्पर्धेत काठमांडूत आंतरराष्ट्रीय सामन्यांची शंभरी गाठली, तिथवर पोचलेली ती पहिली भारतीय महिला. बचावपटूची कारकीर्द ही मुळात हजर राहण्याची कारकीर्द आहे. स्ट्रायकर बदली म्हणून येऊन दहा मिनिटांत गोल करून जाईल, पण बचावफळी जमते ती तेच चेहरे महिनोन् महिने शेजारी उभे राहिले तरच.

आता माल उघडून बघू. एकूण १५ व्यायाम, तीन भाग.

पहिला भाग ८ मिनिटांचा, संथ धावण्याचा. मार्करच्या जोड्या ५ ते ६ मीटर अंतराने लावायच्या आणि प्रत्येक प्रकार दोनदा: सरळ धावणं, मांडी उचलून बाहेर वळवणं, तशीच आत वळवणं, जोडीदारणीभोवती फेरी, खांद्याला खांदा देत उडी, आणि झटपट पुढे-मागे धावणं. यातला पाचवा, खांद्याच्या उडीचा, बचावपटूंसाठी सोन्याचा आहे आणि नेमका तोच हसत-खिदळत उरकला जातो. कॉर्नरवर हेडर मारून धक्क्यासकट खाली येणं म्हणजे हाच व्यायाम. उतरताना दोन्ही पाय एकदम, गुडघे वाकलेले आणि पावलांच्या रेषेत हवेत. उडी किती उंच गेली याला इथे काडीचं महत्त्व नाही.

दुसरा भाग १० मिनिटांचा, आणि खरी किंमत यातच आहे. सहा व्यायाम, प्रत्येकाच्या तीन पायऱ्या. सगळ्या संघाने पहिल्या पायरीवर सुरुवात करायची आणि साधारण तीन-चार आठवड्यांनी, जमत असेल तरच, वर चढायचं.

प्लँक (कोपर आणि पायाच्या बोटांवर अंग सरळ तोलणं) आणि साइड प्लँक (तेच एका कुशीवर) पहिल्या पायरीवर २० ते ३० सेकंद, तीनदा. कंबर खाली झोळीसारखी लोंबली की सेट तिथेच थांबवायचा. लोंबत्या कंबरेने मिनिटभर टिकणं ही बढाई आहे, व्यायाम नाही.

नॉर्डिक हॅमस्ट्रिंगवर जरा थांबायला हवं, कारण सगळ्यात जास्त घाण इथेच होते. गुडघ्यांवर उभं राहायचं, मागे जोडीदारणीने घोटे जमिनीला घट्ट दाबून धरायचे, आणि डोक्यापासून गुडघ्यापर्यंत एका रेषेत राहून जितकं सावकाश जमेल तितकं पुढे झुकायचं. मांडीच्या मागचा स्नायू सुटला की हातांवर उतरायचं. पहिल्या पायरीला फक्त ३ ते ५ वेळा, दुसऱ्या पायरीला ७ ते १०, तिसऱ्याला १२ ते १५. पहिल्याच दिवशी उत्साहाने १२ काढले तर दोन दिवस जिना उतरता येत नाही, आणि मग मुली तो व्यायाम कायमचा टाळतात. दुसरी चूक कंबरेत वाकण्याची. नितंब मागे गेले की भार स्नायूवरून निघून जातो आणि नुसता नमस्कार उरतो. तिसरी चूक धरणारीची. तिने स्वतःचं वजन पुढे टाकून घोट्यांच्या वर धरायला हवं. ती मागे रेलून गप्पा मारत असेल तर झुकणारीचे पाय हवेत येतात. आपल्याकडच्या लाल मातीच्या मैदानावर दिवाळीनंतर जमीन अशी टणक होते की गुडघे सोलून निघतात. योगा मॅट दुमडून घ्या, नाहीतर जुनं पोतं चालेल.

हॅमस्ट्रिंगवर एवढा भर का? नडगीचं हाड पुढे सरकू लागलं की ते मागे खेचून धरणारा स्नायू हाच. एसीएलचा तो जोडीदार आहे.

एका पायावर तोल: ३० सेकंद, दोन्ही पायांना दोनदा. पहिल्या पायरीला चेंडू हातात धरून, दुसरीला २-३ मीटरवरच्या जोडीदारणीशी झेलाझेल, तिसरीला हातभर अंतरावरून एकमेकींना ढकलून तोल घालवायचा प्रयत्न. इथे एक गोष्ट हटकून दिसते. ज्यांच्या बुटात टाच सैल आहे त्यांचं पाऊल आतल्या आत सरकतं. अनेक मुली पुरुषांच्या मापाचे बूट घालतात, पंजाला बरोबर आणि टाचेला ढिले. लेस कितीही आवळली तरी हे जात नाही, त्यामुळे दोष व्यायामाला देण्याआधी बूट तपासा.

उठबशा पहिल्या पायरीला टाचा उचलण्यासह, पुढे चालते लंजेस (लांब पाऊल टाकत गुडघे वाकवणं), शेवटी एका पायावर. उड्या आधी सरळ वर, मग एका पायावर साधारण मीटरभर बाजूला, शेवटी चौकोनात पुढे-मागे-तिरपं. या दोन व्यायामांत एकच गोष्ट बघायची: गुडघा पायाच्या बोटांच्या दिशेने जातोय की आत जातोय. समोर उभं राहून बघा, बाजूने ते कळत नाही. मोबाइलवर समोरून १० सेकंदांचं चित्रण करून त्या मुलीलाच दाखवणं हा सर्वांत स्वस्त उपाय. नुसतं ‘गुडघा बाहेर ठेव’ ओरडून विशेष काही होत नाही.

तिसरा भाग २ मिनिटांचा: सुमारे ४० मीटर ७५ ते ८० टक्के वेगाने धाव, मग मोठ्या झेपा, आणि शेवटी पाय रोवून दिशा बदलणं. चार-पाच पावलं धावून एका पायावर रोवायचं, दुसऱ्या बाजूला कापायचं, ५ ते ७ पावलं जोरात, मग वेग उतरवून दुसऱ्या पायावर तेच. हा पंधरावा व्यायाम म्हणजे या कार्यक्रमाचा सर्वांत कच्चा दुवा. व्यायाम चुकीचा नाही, अपुरा आहे. कुठे वळायचं हे आधीच ठाऊक असतं, त्यामुळे पाऊल आरामात बसवता येतं. सामन्यात दिशा ठरवते समोरची विंगर (कडेने चढाई करणारी), तीही शेवटच्या क्षणाला.

म्हणून बचावपटूंसाठी याच्या मागे ४ मिनिटं जोडावीत. जोडीदारीण चेंडू घेऊन ८-१० मीटरवर उभी. बचावपटू वेगात जाते, शेवटच्या तीन मीटरमध्ये पावलं बारीक करते, बूड खाली, शरीर तिरकं, आणि हातभर अंतर राखून थांबते. थांबता थांबता जोडीदारणीने डावीकडे किंवा उजवीकडे चेंडू ढकलायचा, बचावपटूने तीन पावलं तिच्याबरोबर जायचं. दोन्ही बाजूंना चार-चार वेळा पुरे. बघायचं ते ब्रेक किती पावलांत लागतो ते. एकाच लांब पावलात थांबणारी मुलगी दिसायला चपळ वाटते, पण धोका तिलाच जास्त. चार-पाच छोट्या पावलांत थांबणारी सुरक्षित.

आणखी दोन उणिवा. जांघेच्या आतल्या स्नायूंसाठी यात खास काही नाही, आणि स्लाइड टॅकल (घसरत जाऊन चेंडू काढणं) करणारीचं दुखणं बहुधा तिथेच. कोपनहेगन अॅडक्शन हा व्यायाम आठवड्यातून दोनदा घालावा: कुशीवर, वरचा पाय जोडीदारणीने धरलेला, खालचा पाय उचलून वरच्याला लावायचा. नवशिक्यांचा पाय घोट्याशी न धरता गुडघ्याशी धरावा. दुसरी उणीव मानेची. हेडर मारून चेंडू उडवणं हे ज्यांचं काम, त्यांच्या मानेच्या ताकदीचा या १५ व्यायामांत पत्ताच नाही.

पुरावा कितपत आहे? बऱ्यापैकी, आणि तो मुलींवरचाच आहे ही दुर्मीळ गोष्ट. नॉर्वेत १२५ क्लबांतल्या १३ ते १७ वयाच्या १,८९२ मुलींवर आठ महिन्यांच्या हंगामात चाचणी झाली, निष्कर्ष २००८ मध्ये प्रसिद्ध झाले. एकूण दुखापती सुमारे एक तृतीयांशाने कमी, गंभीर दुखापती ४५ टक्क्यांनी कमी. मात्र ज्या एका आकड्यावर चाचणी उभी होती, पायांच्या दुखापतींचा, तो घटला तरी संख्याशास्त्राच्या कसोटीला पुरता उतरला नाही. जाहिरातवजा लेखांत हे वाक्य गळतं, म्हणून इथे लिहिलं. त्याआधीचा फिफाचाच ‘द ११’ हा कार्यक्रम नॉर्वेतल्याच मुलींवर सपशेल पडला होता. मुख्य कारण साधं होतं: संघ तो नेमाने करतच नव्हते. रटाळ, चढत्या पायऱ्या नाहीत, जोडीने करायचं फारसं काही नाही. ‘प्लस’मध्ये पायऱ्या, जोड्या आणि धावणं आलं ते त्यातून.

वेळेचं बोलायचं तर पुस्तिकेतली २० मिनिटं ही सवय झालेल्या संघाची. पहिले दोन आठवडे सरळ अर्धा तास धरा. सामन्याच्या दिवशी फक्त पहिला आणि तिसरा भाग करायचा, दुसरा नाही. हे पुस्तिकेतच आहे आणि तरी सामन्याआधी नॉर्डिक काढणारे संघ दिसतात. मैदान कमी वेळ मिळत असेल तर दुसरा भाग सरावाच्या शेवटी, चेंडू गोळा झाल्यावर मैदानाच्या कडेला उरकता येतो. ऑस्ट्रेलियातल्या अर्धव्यावसायिक पुरुष संघांवर हे करून पाहिलं, तेव्हा दुखापतींची संख्या तेवढीच राहिली, पण गंभीर दुखापती आणि वाया गेलेले दिवस घटले, आणि व्यायाम टाळण्याचं प्रमाणही. पावसाळ्यात चिखलात बाजूच्या उड्या आणि पंधरावा व्यायाम सरळ गाळावा.

पाचपैकी चार गुण. जोडलेल्या ४ मिनिटांसह साडेचार.

स्पर्धा दोन आठवड्यांवर आली असेल आणि संघाने हे कधी केलं नसेल, तर आता पहिला आणि तिसरा भागच सुरू करा. नॉर्डिक स्पर्धा संपल्यानंतरच्या पहिल्या सरावाला काढा, तीन वेळा, त्याहून एकही जास्त नको.