पत्र्याखाली घेतलेले नव्वद स्विच

रक्कम फार नाही, कीबोर्डच्या बटणांखाली बसणाऱ्या नव्वद स्विचचे ४,०५० रुपये. पण तोच माणूस तोच माल अजून विकतोय असं परवा एका ओळखीच्या मुलाकडून कळलं, म्हणून लिहायला बसलो. आणि खरं सांगायचं तर मला गंडवलं गेलं ते माहिती नव्हती म्हणून नाही. माहिती मी भरपूर जमवली होती.

मी सांगलीत गावभागात राहतो, रात्री दहा ते सहा काम करतो. अमेरिकेतले डॉक्टर पेशंटबद्दल बोलून ठेवतात, ते हेडफोनवर ऐकून टाइप करायचं. घर जुनं. माझी खोली आणि बाबांची खोली यांच्यामध्ये भिंत म्हणजे सागवानी फळ्या. कीबोर्ड ८७ बटणांचा, स्विच उपटून दुसरे बसवता येतात असा. त्यात ब्राउन स्विच होते. दिवसा त्यांचा आवाज कुणाच्या लक्षातही येत नाही. रात्री दोन वाजता मात्र बाबांच्या म्हणण्याप्रमाणे, 'पलीकडं कुणीतरी अडकित्ता घेऊन सुपारी कातरत बसलंय.'

म्हणून सायलेंट स्विच. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: बटण दाबलं की आतला दांडा खाली आपटतो, बोट उचललं की स्प्रिंग त्याला वर ढकलते आणि तो वरच्या झाकणाला आपटतो. म्हणजे एका अक्षराला दोन ठोके. सायलेंट स्विचमध्ये दांड्याच्या दोन्ही बाजूंना, वर आणि खाली, रबराच्या बारीक गाद्या असतात. त्या गाद्यांमुळे बटणाचा प्रवासही किंचित कमी होतो. चेरी या स्विच बनवणाऱ्या कंपनीच्या साध्या लाल स्विचचा ४ मिलिमीटर, तर सायलेंट लालचा ३.७. बोटाखाली थोडं मऊ लागतं. काहींना ते चिखलात पाय टाकल्यासारखं वाटतं. मला चालणार होतं.

विकणारा कोल्हापूरकडचा, मित्राच्या मित्राच्या ओळखीतला. फोनवर पाऊण तास बोलला आणि त्यातलं एकही वाक्य खोटं नव्हतं. लाल म्हणजे सरळ जाणारा, ब्राउन म्हणजे मध्ये उंचवटा असलेला, निळा म्हणजे टिकटिक करणारा, हे संकेत चेरीपासून रूढ झाले, बाकी कंपन्या वाटेल तो रंग देतात, तेव्हा रंगावर जाऊ नका, असं त्यानेच मला सांगितलं. बोबा यू-४ नावाचा स्विच शांत असतो आणि यू-४-टी मुद्दाम घुमणारा, एका अक्षराच्या फरकाने लोक भलताच माल घेऊन बसतात, हेही त्यानेच सांगितलं. इतकं खरं बोलणारा माणूस पुढे खोटं बोलेल असं मनात येत नाही. त्याचं भांडवलच ते.

चार नमुने त्याने कुरियरने फुकट पाठवले. फिकट गुलाबी दांड्याचे, झाकणावर कंपनीचं नाव नाही. 'कंपनीसाठी बनवणाऱ्याकडून थेट येतात सर, म्हणून ४५ रुपयांना परवडतात.' मी ते चार बसवले, रात्री दोनला मुद्दाम तीच चार अक्षरं बडवली. फळीपलीकडून चकार शब्द नाही. सकाळी बाबांना विचारलं, तर ते म्हणाले, 'काल काम नव्हतं होय?' मी त्याच दिवशी नव्वदांची ऑर्डर दिली.

आता पुढचं सांगताना माझीच मला लाज वाटते. जुलैचा शेवटचा आठवडा. आयर्विन पुलाजवळ कृष्णा चढत होती, इशारा पातळी ४० फुटांवर, आणि त्या दिवसांत सांगलीत सकाळी चहाच्या आधी लोक पाण्याची पातळी विचारतात. त्याचा फोन आला: 'सर, अंकलीकडं पाणी आलं तर रस्ता बंद होणार. आज येतो सांगलीला, घेऊन टाका. नाहीतर पुढचा महिना.' विश्रामबागला एका चहाच्या टपरीत भेटलो. वर पत्रा, पत्र्यावर धो धो पाऊस, स्टोव्हचा आवाज वेगळाच. त्याने झिपची पिशवी उघडली, वरचे पाच-सहा स्विच माझ्या तळहातावर ठेवले. 'दाबून बघा.' मी दाबून बघितले. अहो, त्या पत्र्याखाली टाइपरायटर वाजवला असता तरी ऐकू आला नसता! पण मी तज्ज्ञासारखी मान डोलावली आणि मोबाईलवरून पैसे पाठवले. बिलाचं विचारलं तर म्हणाला, 'बिल पाहिजे तर १८ टक्के वर.' मी ७२९ रुपये वाचवले.

घरी बसवताना पहिली ओळ सरळ गेली. पुढे काही स्विच सॉकेटमध्ये जाता जाईनात, अंगठा लावून दाबावे लागले. स्विचचा पाय वाकला असेल म्हणून दुर्लक्ष केलं. आवाज नमुन्यांइतका नाही तरी कमी होता, बोटाला सगळं तुपकट लागत होतं. आठ-दहा दिवसांत काही बटणं दाबल्यावर वर यायला उशीर करू लागली, काही नुसती ठोकू लागली, आणि दोन बटणांचं अक्षर कधी उमटे, कधी नाही. एका पेशंटच्या गोळीचा डोस त्यामुळे चुकीचा टाइप होता होता राहिला.

मिरजेत माझा शाळेतला मित्र तानपुरे बनवतो. मिरजेच्या सतार-तानपुऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, त्या धंद्यात त्याचं घराणं मुरलेलं. त्याच्याकडे गेलो ते रडगाणं गायला, सल्ल्यासाठी नाही. त्याने कीबोर्ड मांडीवर घेतला, डोळे मिटले आणि एक-एक बटण हळू दाबून हळू सोडत गेला. 'हे दाबताना बरं हाय, सुटताना ठोकतंय. हे दोन्हीकडं ठोकतंय. आणि हे बघ, हे गप.' जवारी लावणारा, म्हणजे तारेचा नाद खुलवणारा कान. शांत निघालेल्या बटणांवर तो खडूने ठिपका देत गेला. २४ ठिपके पडले. मग त्याने कीबोर्ड टेबलावर ठेवला, तोच ठोका दुप्पट झाला. 'टेबल तुझं भोपळ्याचं काम करतंय,' म्हणाला. खाली टॉवेलची घडी घातली तर खरंच बराच आवाज मेला. म्हणजे स्विच बदलले की आवाज शून्य, ही गोष्टच अर्धी खोटी. स्पेस आणि एंटरखालच्या तारा खडखडतात तो आवाज कुठलाही स्विच थांबवत नाही.

तिथेच आम्ही एक ठिपका असलेला आणि एक नसलेला स्विच उघडला. बाजूंच्या खाचा बारीक चिमट्याने सोडवल्या की झाकण निघतं. आत दांडा, स्प्रिंग आणि तांब्याची पातळ पट्टी. ठिपकेवाल्याच्या दांड्यावर पांढुरक्या रबराच्या गाद्या होत्या. दुसऱ्याचा दांडा गुलाबीच, पण कोरं प्लॅस्टिक. त्याच्यावर ग्रीस इतकं थापलेलं की चिमटा घसरला. त्या ग्रीसनेच पहिला आठवडा आवाज दाबला होता. मित्राने भिंग दिलं. नव्या स्विचचे पाय सरळ, चकचकीत असतात. या पायांना कल्हई केल्यासारखा राखाडी थर होता. सोल्डर! म्हणजे कुठल्यातरी जुन्या कीबोर्डातून डाग सोडवून काढलेला माल. त्या जाड झालेल्या पायांनी माझ्या सॉकेटच्या पकडी फाकवल्या, म्हणून अक्षरं गळत होती. तीन सॉकेट कायमची गेली.

फोन केला तर आधी म्हणाला, 'सर, सेट व्हायला महिना लागतो.' मग, 'तुम्ही बसवताना चूक केली.' मग, 'बसवलेला माल परत नाही.' मग फोन लागायचा बंद झाला. १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार दिली, पण तो नंबर पैसे गेल्या गेल्या फिरवायचा असतो, रक्कम पुढे सरकायच्या आत. मी सव्वीस दिवसांनी फिरवला होता. पोलीस ठाण्यात सभ्यपणे सांगितलं की माल मिळालेला आहे, हा देवघेवीचा वाद दिसतो. जिल्हा ग्राहक आयोगात ५ लाखांपर्यंतच्या मालाला तक्रारीची फी लागत नाही, पण तिथे पहिला प्रश्न पावतीचा. ती मी ७२९ रुपयांत विकली होती.

तेव्हा घेणार असाल तर नमुन्यावर जाऊ नका, नमुना खराच असतो. पिशवी उलटी करा, तळातले दहा उचला, पायांना भिंग लावा. बंद खोलीत कानाशी धरून दाबा, आणि सोडताना जास्त लक्ष द्या. एक स्विच त्याच्यासमोर उघडा. नको म्हणाला तर चहाचे पैसे देऊन उठा. आणि पाऊस असेल तर भेटूच नका.

नवे घ्यायला सध्या हात आखडता आहे. खरे २४ मी जास्त लागणाऱ्या अक्षरांवर आणि बॅकस्पेसवर बसवले, बाकीच्या जागी जुने ब्राउन. खाली टॉवेल. हिशेबाने आवाज पाऊणपट तरी कमी झाला असेल. चार दिवसांनी बाबांना विचारलं, आता झोप लागते का?

'आधीचं बरं होतं,' ते म्हणाले. 'ते एकसारखं होतं. आता मधनंच एक ठोका पडतोय, आणि पुढचा कधी पडतोय म्हणून मी जागा राहतोय.'