नऊ वर्षांनी आदोळीवर: फोंड्यातला कंबरदुखीचा वर्ग

शाळेत शिकवत होते तेव्हाच कंबर धरली. एमआरआय पाहून एका डॉक्टरांनी सांगितलं, "मणक्यांमधली चकती फुगली आहे. खाली बसणं, वाकणं आता कायमचं बंद." देवाचा कौल पाळावा तसा मी तो शब्द नऊ वर्षं पाळला. पट्टा बांधून वावरले, केर-लादीला बाई ठेवली, आदोळी, म्हणजे खाली बसून नारळ खवायची विळी, माळ्यावर टाकली आणि नारळ मिक्सरला लावला. दुखणं मात्र होतं तिथेच राहिलं.

गोव्यात फोंड्याला तिस्क भागापासून थोडं आत एक तरुण फिजिओथेरपिस्ट संध्याकाळी हा वर्ग घेते. आठवड्यातून दोनदा, तासभर, महिन्याला अठराशे रुपये. मार्चपासून जाते आहे.

पहिल्या दिवशी व्यायाम नव्हताच. पाय बधिर होतो का, लघवीवर ताबा आहे ना, हे तिने आधी नीट विचारलं. तसं काही असेल तर ती वर्गात न घेता सरळ डॉक्टरकडे पाठवते. मग म्हणाली, "टीचर, चमक आली की मनात काय येतं?" मी म्हटलं, "चकती आणखी बिघडली."

तिने समजावलं ते मला शंभर गोळ्यांनी दिलं नसतं. तीन महिन्यांच्या वर टिकलेलं दुखणं म्हणजे दर वेळी आत काही मोडतं आहे असं नसतं. मज्जासंस्था जास्तच सावध होऊन बसते. एकदा घरात चोर शिरला की कुत्रं पुढे पोस्टमनवरही भुंकतं, तसं. भीतीने आपण अंग आखडून धरतो, हालचाल कमी करतो, आणि ते आणखी भुंकतं. २०१५ साली ज्यांची कंबर मुळीच दुखत नाही अशा हजारो लोकांच्या स्कॅनचा आढावा प्रसिद्ध झाला, त्यात पन्नाशीतल्या शंभरातल्या साठ जणांची चकती फुगलेली दिसली. माझ्या रिपोर्टात शब्द तोच होता! आणि हे सगळं सांगताना "तुमच्या मनाचे खेळ आहेत" असं ती एकदाही म्हणाली नाही. घरच्यांकडून ते ऐकून ऐकून मी थकले होते. दुखणं खरं आहे, असं तिने पहिल्यांदा मान्य केलं, म्हणून पुढचं मी ऐकलं.

हालचाली अगदी साध्या. पाठीवर निजून गुडघे दुमडायचे आणि श्वास सोडताना कंबर अलगद चटईला टेकवायची. ओणवं होऊन मांजरासारखी पाठ वर-खाली. खुर्चीवरून हात न टेकता उठबस. पट्टाही हळूहळू सुटला. जुनाट कंबरदुखीला तो सरसकट देऊ नये, असं जागतिक आरोग्य संघटनेनेही डिसेंबर २०२३ मध्ये सांगितलं आहे.

तुम्हाला नक्की काय करायचं आहे, असं तिने विचारलं. मी म्हटलं, चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, आदोळीवर बसून नेवऱ्यांचं चून (करंज्यांचं सारण) करायचं आहे. मग आमचा सराव तिथूनच ठरला: आधी बुटकं स्टूल, नंतर दोन पाट एकावर एक, मग एकच पाट. आणि नियम एकच, अर्ध्या नारळानंतर उठायचं, दुखो वा न दुखो. बरं वाटलं की सगळी कामं उरकायची आणि मग चार दिवस अंथरूण धरायचं, ही माझी जुनी खोड त्या नियमाने मोडली.

उणीव सांगायलाच हवी. वर्ग दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. दुखऱ्या कंबरेच्या माणसांना हा जिना म्हणजे अन्याय आहे. जुलैपासून गर्दी वाढली, चौदा जणांवर एकटीचं लक्ष पुरत नाही. त्यातच मी एकदा घाईने वळले आणि तीन दिवस हैराण झाले. तिने स्वतः फोन केला: "निम्मं करा, बंद करू नका." तसंच केलं. दहाच जण घ्यावेत, एवढी माझी कळकळीची विनंती.

चवथीच्या आदल्या दिवशी सुनेने आदोळी माळ्यावरून काढून चिंचेने घासून दिली. खवलेल्या खोबऱ्याचा तो ओला वास नऊ वर्षांनी हाताला आला. अर्धा नारळ, उठून तुळशीपर्यंत फेरी, पुन्हा अर्धा. असे तीन झाले. रात्री कंबर दुखली, गुडघे दुमडून निजले. सकाळी उठून उरलेले दोन खवले.